फोनमधली बाई

पाणीटंचाईचं काम बघणारे साहेब फोनवर टँकर कबूल करायचे आणि दुसऱ्या दिवशी म्हणायचे, "मी कधी म्हणलो?" शेवटी तांड्याच्या सरपंच जिवनबाईंनी फोनवर रेकॉर्डिंग लावलं. पण फोनमधली बाई समोरच्याला आधीच सांगून टाकायची, "हा कॉल रेकॉर्ड होत आहे."

लेक पुजा म्हणाली, "याडी, तिला गप करता येतं. साहेबाला कळणारबी न्हाई."

"काहून? आपण का चोरी करून राहिलो? बोलू दे तिला."

पुढच्या फोनला बाई बोललीच. तिचं ऐकून साहेबांनी थेट टँकरचा नंबरच सांगितला.

आता रोज सकाळी त्यांचाच फोन येतो. "ताई, आधी त्या बाईला चालू करा. टँकर निघाला, हे तिच्यासमोर सांगतो."