दुसरी मुलगी

"सापडली! दुसरी सापडली!" मिरजेच्या प्रयोगशाळेत निलोफर खुर्चीवरून उठली ती ओरडतच.

पाच वर्षांच्या ओवीला उभंही राहता येत नव्हतं. तिच्या एका जनुकात निलोफरला बिघाड दिसला होता. पण तसाच दुसरा रुग्ण मिळाल्याशिवाय आजाराचं मूळ तेच, हे ठामपणे सांगायचं कसं? म्हणून तिने ओवीचं नाव वगळून ती माहिती देशोदेशीच्या प्रयोगशाळा जोडणाऱ्या नेटवर्कवर ठेवली. "समुद्रात सुई शोधतेस," असं म्हणून वरिष्ठ हसले होते. तिने वाट पाहणं सोडलं नाही.

आज फिनलंडहून उत्तर आलं. तिथल्या एका मुलीत हुबेहूब तोच बिघाड होता, आणि दम्याच्या एका साध्या औषधाने ती चालायला लागली होती!

निलोफरने हे सांगताच ओवीच्या आईने, पद्मजाने, डोळ्यांना पदर लावला. "म्हणजे माझी पोर जगात एकटी नाही ना, मॅडम?"

"नाही. आणि औषध मिरजेतच मिळतं."

औषध लागू पडलं. दिवाळीच्या आधी ओवी कॉटचा कठडा धरून उभी राहिली. मग तिने कठडा सोडला, पावलं टाकली आणि निलोफरच्या मिठीत कोसळून खुदकन हसली. वरिष्ठांनी सर्वांत आधी टाळ्या वाजवल्या.

पद्मजाच्या परवानगीने तो व्हिडिओ फिनलंडला गेला. तिथल्या मुलीच्या आईने लगेच कळवलं, "आता दाराला कडी लावत जा. आमची घरात थांबतच नाही!"