सॉसला लागणारा तिसरा हात

भाजलेले शेंगदाणे, लसूण आणि मूठभर लाल मिरच्या भांड्यात पडल्या. तिनं चमच्यानं ओट्यावर एकदा टक् केलं. वायरमन नवरा पेपर ठेवून उठला आणि मिक्सरचं बटण फिरवून, धरून उभा राहिला. दोनदा टक् झालं. त्यानं बटण सोडलं. मिक्सर थांबला.

अबोल्याला आठवडा होत आला होता. मागच्या रविवारी त्यानं चारचौघांत शेजारणीच्या सॉसची तारीफ केली होती. तेव्हापासून घरात फक्त भांडी बोलत होती. आज त्याचा मित्र जेवायला येणार होता, आणि शेजारणीचं नाव पुसायची तिला हीच संधी होती.

पण मिक्सरचं बटण सोडलं की मिक्सर बंद. भांडं तिनं दोन्ही हातांनी दाबलं नाही, तर ते नाचायचं. म्हणजे तिसरा हात आला. अख्ख्या गल्लीचे मिक्सर दुरुस्त करणाऱ्याला घरचा तेवढा जमत नव्हता.

तिनं व्हिनेगर घातलं, चिमूटभर साखर घातली, आणि न बोलता चमचा त्याच्यापुढे धरला. त्यानं चाटला. कानापर्यंत लाल झाला.

"शेजारीण गेली बाराच्या भावात."

"मग तिकडेच जायचं होतं, बटण धरायला!"

"तिला कशाला हवंय? तिचा मिक्सर मीच नीट केलाय."

"आणि आपला?"

"आपल्या मॉडेलचा पार्ट येत नाही."

ती हसली नाही. पण पुढचं "धरा" तिनं तोंडानंच सांगितलं.

तो काकड्या आणायला खाली गेला आणि तेवढ्यात मित्र टपकला. तोही वायरमनच. शेवटचा एक फेरा राहिला होता, म्हणून तिनं त्यालाच बटण धरायला लावलं. धंद्याचा हात, त्याला राहवेना. खिशातला स्क्रू ड्रायव्हर काढून त्यानं बटण उचकटलं. खालून पुठ्ठ्याची एक गोल चकती निघाली.

"वहिनी, बिघाड वगैरे काही नाही. बटण जागेवर टिकू नये म्हणून हे कुणीतरी मुद्दाम घातलंय. आता खुशाल एकटीनं चालवा."

तिनं चकती तळहातावर घेतली. कडा कात्रीनं निगुतीनं कापलेल्या. पुठ्ठा जुना होता. त्यावरची टेप मात्र ताजी.

जिन्यावर चपला वाजल्या.

"होती तशी बसवा, भावजी," ती म्हणाली. "लवकर. हे वर येतायत."