व्यालेलं मुद्दल

सिदूच्या अंगठ्याला शाई लागली आणि नेमका तेव्हाच त्याच्या बायकोला प्रश्न पडला. मायाक्कानं त्याचं मनगट धरलं, कागदापासून वीतभर वर उचललं आणि टेबलापलीकडच्या कारकुनाला म्हणाली, "अण्णा, जरा थांबा. मला हे मेंढरांत सांगा."

घरबांधणी सोसायटीचे कारकून शिवलिंगप्पा यांनी आजवर गहाणखताचा अर्थ मराठीत सांगितला होता, कानडीत सांगितला होता, मोडक्यातोडक्या तेलुगूतसुद्धा सांगितला होता. सोलापुरात ते करावंच लागतं. पण मेंढरांत सांगा म्हणणारं गिऱ्हाईक हे पहिलंच. पण शिवलिंगप्पा माणूस हौशी. त्यांनी टाक खाली ठेवला.

कागदावर सगळं सरळ होतं. गिरणीमागच्या नव्या वस्तीत दोन खोल्यांचं घर, त्यापायी आठशे रुपये कर्ज, महिन्याला सात रुपये तीन आणे हप्ता, वीस वर्षं. तोवर घर गहाण, आणि हप्ते थकले तर घर सोसायटीचं. सिदूला एवढं पुरे होतं. पंचवीस रुपये पगारातून सात जातात, बाकीच्यात भागवायचं, झालं.

मायाक्का धनगराची लेक. तिनं रुपये थोडे पाहिले होते, मेंढरं मात्र पुष्कळ. मेंढीचे आठ रुपये धरले तर आठशे म्हणजे शंभर मेंढ्या. हप्ता म्हणजे महिन्याला एक मेंढी, जराशी रोडकी. मग शंभर मेंढ्या शंभर-सव्वाशे महिन्यांत फिटायला हव्यात. त्यावरचे शंभरावर महिने कशाचे, एवढंच तिला कळेना.

"व्याजाचे," शिवलिंगप्पा म्हणाले. "शेकडा नऊ."

मायाक्काचा चेहरा खुलला. "व्याज म्हंजी व्यालेलं, व्हय?"

शिवलिंगप्पा हसणार होते, पण हसले नाहीत. बाई म्हणते त्यात खोट कुठं होती? शंभर मेंढ्या, वर्षाला नऊ कोकरं. मुद्दल सोसायटीच्या नावावर, म्हणून कोकरंही सोसायटीची. मग तेच उत्साहानं सांगू लागले. पहिल्या हप्त्यातले सहा रुपये कोकरांचे. उरला एक रुपया तीन आणे, तेवढाच काय तो मेंढीचा. वर्षाकाठी अकराएक मेंढ्या हाकलत आणायच्या, त्यातल्या नऊ कोकरांपोटी जायच्या. मूळच्या शंभरांतल्या दोनसुद्धा पुऱ्या फिटायच्या नाहीत.

"आन् अठ्ठ्याण्णव हितंच व्यात ऱ्हाणार," मायाक्का म्हणाली. तिला राग आला नव्हता. नवल वाटत होतं, लई नवल. आईबापांनी जन्मभर मेंढरं राखली, पण चारा न खाणारी आणि रोगानं न मरणारी मेंढरं तिनं पहिल्यांदाच ऐकली. मग निम्मी फिटायला किती वर्षं लागतील, असं तिनं विचारलं.

शिवलिंगप्पांनी कोष्टकांचं पुस्तक काढलं. बोट खाली खाली गेलं आणि चौदाव्या वर्षाशी थांबलं. दहाव्या वर्षी निम्मी, असं आपण इतकी वर्षं मनात धरून होतो, हे त्यांनी मोकळेपणानं कबूल केलं.

चौदा हा आकडा ऐकून मायाक्कानं नवऱ्याकडं पाहिलं. सिदू पस्तिशीचा. गिरणीत तो कापूस पिंजायच्या खात्यात होता. त्या खात्यातला पन्नाशीपुढचा माणूस तिनं अजून पाहिला नव्हता. त्याच्या आतच कापसाच्या धुरळ्यानं छाती धरते आणि माणूस घरी बसतो. वीस वर्षं म्हणजे सिदू पंचावन्नचा. शेवटची पाच वर्षं हप्ता कोण भरणार? आणि नाही भरला तर पंधरा वर्षं भरलेलं घर हातचं जाणार.

नातेपुत्याला भावाच्या कळपात तिच्या नावाच्या बारा मेंढ्या होत्या, बापानं लग्नात दिलेल्या मेंढ्यांचा वंश. पहिल्याच दिवशी त्या विकून पैसे मुदलात घातले आणि हप्ता आहे तेवढाच ठेवला, तर वर्षभर तरी वाचेल का, असं तिनं विचारलं.

शिवलिंगप्पांनी हिशेब केला. मग डोक्यावरची टोपी काढून बाजूला ठेवली आणि पुन्हा केला.

"पाच वर्षं वाचतात, बाई. वर दोन महिने."

मायाक्कानं क्षणभर विचार केला. "बराबर हाय. त्या बारा हितं व्यायच्याच न्हाईत मग."

म्हणजे पंधरा वर्षांच्या आत घर मोकळं, आणि सिदू पन्नाशीच्या अलीकडं. तिनं लगेच ठरवून टाकलं. भावाला निरोप धाडते, येत्या बाजारी विकून टाक म्हणून. शिवलिंगप्पांनी कागदावर शहाण्णव रुपये लिहायला घेतले.

तरी मनगट तिनं सोडलं नव्हतं. जरा वेळानं, नवऱ्याकडं न बघता, तिनं हळूच विचारलं, "अकराच दिल्या तर? चांदी म्हणून येक हाय. आय मेली तिची. मी बोटानं दूध पाजून जगवली."

शिवलिंगप्पांनी पुस्तकात पाहिलं. त्यांना सांगायला जड गेलं. "ती एक ठेवली तर चार महिने वाढतात, बाई."

"मग न्हाय," मायाक्का म्हणाली. "जाऊ द्या तिलाबी." आणि तिनं मनगट सोडलं.

सिदूनं शाईचा अंगठा कागदावर न टेकवता मागं घेतला.

"अकराच लिवा, अण्णा," तो म्हणाला. "चार म्हैनं मी वडतो की."