दुमडलेली बाही

बोंद्रेंनी सवयीनं उजवी बाही कोपरापर्यंत दुमडली आणि माईक हातात घेतला. व्यावसायिक स्नूकरमधून ते निवृत्त झाले, म्हणून जिमखान्यानं सत्कार ठेवला होता. समोरच्या निम्म्या खेळाडूंची उजवी बाही तशीच दुमडलेली होती.

“सर, ही स्टाइल आली कुठून?” सेक्रेटरींनी विचारलं.

एरवी ते “लकी आहे” म्हणून मोकळे व्हायचे. पण आज पहिल्या रांगेत त्यांचा जुना प्रतिस्पर्धी चिटणीस बसला होता. बावीस वर्षांपूर्वी राज्य स्पर्धेच्या फायनलची शेवटची फ्रेम तो त्यांच्याकडून तीन गुणांनी हरला होता.

“चिटणीसबरोबरच्या फायनलच्या शेवटच्या फ्रेममध्ये माझी बाही गुलाबी बॉलला लागली,” बोंद्रे म्हणाले. “रेफरीला दिसलं नाही. मीही सांगितलं नाही. तेव्हापासून दुमडतो.”



“मला दिसलं होतं,” चिटणीस म्हणाला.

“मग बोलला का नाहीस?”

“आपल्या खेळात ज्याचा फाऊल, त्यानं सांगायचा असतो.”

तो उठला, भिंतीवरच्या लाकडी स्कोअरबोर्डापाशी गेला आणि फाऊलचे सहा गुण त्यानं स्वतःच्या बाजूला चढवले.