फौजदाराची टोपी

झाडीपट्टीच्या नाटकांत नवऱ्याला, केवळरामला, देवाची भूमिका मिळावी म्हणून रुखमाने बारा वर्षांपूर्वी साखर सोडली होती. पण त्याच्या वाट्याला दरवर्षी फौजदारच यायचा. आज आपल्या लेकासाठी रुखमाची मुलगी बघायला तुमसरचे हवालदार आले होते. पोहे संपवून ते म्हणाले, “पोरगी चांगली हाये, बाई. पण नाटकवाल्याच्या घरची सून मले नाही पायजे.” रुखमाने देव्हाऱ्याकडे पाहिलं. तेवढ्यात रात्रभराचं नाटक आटोपून धावत आलेला केवळराम फौजदाराच्या वर्दी-टोपीतच दारात उभा राहिला. हवालदारांचा हात तीस वर्षांच्या सवयीने सलाम ठोकायला कपाळाशी गेला. केवळरामही सवयीनेच गरजला, “काय तक्रार हाये, हवालदार?” “काही नाही, सायेब! पोरगी पसंत हाये!” हवालदारांनी जीभ चावली, तोवर रुखमाने नवऱ्याची टोपी देव्हाऱ्यात ठेवून साखरेचा नैवेद्य दाखवलासुद्धा. प्रसाद तिने आधी पाहुण्यांच्या हातावर ठेवला, मग बारा वर्षांनी स्वतःच्या तोंडात.