येसूचा चिवडा

"माहेरचं नाव," प्रतिक्षा तिसऱ्यांदा म्हणाली. "लग्नाआधी माझ्या आईचं नाव येसू होतं."

रोह्याच्या कंपनीतल्या महिपती साहेबांनी टेबलावर दोन पाकिटं शेजारी शेजारी ठेवली. एक पेणचं, घरी मेणबत्तीच्या ज्योतीवर चिकटवलेलं. दुसरं कंपनीचं, चकचकीत. दोन्हींवर एकच नाव होतं, येसूचा चिवडा.

"रेशनकार्डावर तर इंदुबाई आहे. नोंदणीचा अर्ज आम्ही मुंबईला केलाय, ताई. पंधरा दिवसांत तुम्ही हे नाव थांबवायचं, नाहीतर कोर्ट."

"सतरा वर्षं विकतोय आम्ही पेणच्या स्टँडवर. तुमची कंपनी परवा आली."

"मग सिद्ध करा. जिचं नाव आणि जिचा चिवडा, तिनं माझ्यासमोर उभं राहून सांगावं. आम्ही अर्ज मागे घेऊ. कोर्टात हरायची हौस आम्हालाही नाही."

प्रतिक्षानं ते वाक्य जसंच्या तसं वहीत उतरवलं आणि खाली त्यांची सही घेतली. कॉलेजच्या प्रयोगशाळेत ती तीन वर्षांत एवढं पक्कं शिकली होती की जे लिहून ठेवलं नाही, ते घडलंच नाही.

पेणला परतताना नागोठण्यापर्यंत एसटीत जागा मिळाली नाही आणि मिळाली तेव्हा तिला बसवेना. नाव गेलं तर उरणार काय? पेणात पोहे गल्लोगल्ली मिळतात. लोक पाकीट उचलतात ते नाव बघून. बाबा गेल्यावर त्या नावावर घर चाललं होतं, तिची बी.एस्सी. झाली होती. स्टँडवरचे दुकानदार आईला येसूबाईच म्हणायचे आणि आई ओ द्यायची.

घरी पोचली तेव्हा आई कढईपाशी होती.

"आई, तुझा शाळेचा दाखला कुठाय?"

"चौथीत सोडली शाळा, दाखला कोण देतो? आधी ही मूठ मागं काळूच्या आयला दे जा."

घाणा उतरला की पहिली मूठ मागच्या पडवीत जायची. आई कामाच्या बाईला उपाशी ठेवत नाही, असं प्रतिक्षा मैत्रिणींना कौतुकानं सांगायची. दिवाळीतही स्वतःच्या आधी आई तिला लुगडं घ्यायची. काळूची आय डोंगराकडच्या वाडीवरून चालत यायची, अगदी पहिल्या घाण्यापासून. पोहे पाखडायची, खाडीचं जाडं मीठ भाजून कुटायची आणि चिवड्यावर भुरभुरायची. एकदा प्रतिक्षानं तिच्या मिठाच्या सात चिमट्या काट्यावर तोलल्या होत्या. फरक जेमतेम अर्ध्या ग्रॅमचा.

"तुझा काटा बघत बसले आसते तं चिवडा खाडीत ग्येला आसता, पोरी," काळूची आय हसली होती.

आजही तिनं मूठ तोंडात टाकली, डोळे मिटून चावली, मान हलवली. प्रतिक्षा तशीच निघून आली. तिला घाई होती.

दुसऱ्या दिवशी ती धरमतरकडे आईच्या गावी गेली. आजोळी कुणी उरलं नव्हतं. मामा होता तोवर आईला ताईच म्हणायचा आणि बाबा तर 'अगो'च्या पुढे कधी गेलेच नव्हते. शाळेत मुख्याध्यापकांनी कपाट उघडून दाखवलं. खाडीचं पाणी शिरलं त्या साली जुनी रजिस्टरं लगदा झाली होती.

"आईचं प्रतिज्ञापत्र करा, दुसरा मार्ग नाही," ते म्हणाले.

प्रतिक्षानं ते तहसील कचेरीसमोर टाइप करून घेतलं. 'येसू हे माझं जन्माचं नाव असून चिवड्याची कृती माझी स्वतःची आहे.' एक शब्द कमी नाही, एक जास्त नाही. राहिली होती फक्त आईची सही.

सोमवारी आईचं डोकं दुखत होतं. मंगळवारी अवस होती. बुधवारी मोठी मागणी होती.

"घाबरतेस कशाला? तुझंच नाव आहे ना?"

"दुसरं ठेवू गो. इंदुबाई ठेवू. ते काय वाईट हाय?"

"आणि हे त्या कंपनीला फुकट द्यायचं?"

"फुकट नाय द्यायचं," आई म्हणाली आणि बराच वेळ रिकाम्या कढईत झारा फिरवत राहिली.

त्या रात्री प्रतिक्षाला झोप लागली नाही. आईसुद्धा कूस बदलत होती.

पंधराव्या दिवशी दारात कंपनीची जीप थांबली. महिपती साहेब नाव सोडायचा ना-हरकतीचा कागद तयारच घेऊन आले होते. आईनं ठेवणीतलं पातळ नेसलं होतं. मागच्या पडवीत सुपाचा आवाज चालू होता.

प्रतिक्षानं कंपनीचा कागद बाजूला सारला आणि प्रतिज्ञापत्र आईपुढे ठेवलं. आईनं ओळीखाली बोट धरून ते वाचलं. मग पहिल्यापासून पुन्हा वाचलं.

"हे खोटं निघालं तर?"

"खोटं कसं निघेल, आई? कर सही."

"बघा, अजून वेळ गेलेली नाही," महिपती साहेब मवाळपणे म्हणाले. "आमच्या कागदावर सही करा, विषय मिटला."

आईनं पेनाला टोपण लावलं.

"साहेब, तुम्ही बोललात ते पोरीनं वहीत लिवलंय. जिचं नाव नि जिचा चिवडा, तिनं तुमच्यासमोर उभं राहून सांगायचं. शब्द फिरवणार नाय ना?"

"माझी सही आहे त्यावर."

"सतरा वर्सं मी ओ देत आले," आई म्हणाली. "बस झालं."

ती उठली. डोक्यावरून पदर घेतला आणि मागच्या दारापाशी गेली.

"येसू, आत ये गो जरा."

पडवीतलं सूप थांबलं.

"आले," काळूची आय म्हणाली.