तुळसाबाईंचं रडणं

“परत एकदा,” अजय म्हणाला. सहाव्यांदा.

आंब्याच्या कलमाखाली बसलेल्या तुळसाबाईंनी विटक्या लुगड्याच्या पदराने डोळे पुसले आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. त्यांचा नवरा जयराम गेल्या वर्षी आंबे उतरवताना याच झाडावरून पडून गेला होता. अजयला ती हकिकत इथेच, त्यांच्याच तोंडून, एकही कट न करता हवी होती.

ध्वनिमुद्रण नम्रताकडे होतं. हेडफोनमधून तिला बाईंचा एकेक हुंदका ऐकू येत होता, आणि सकाळपासून तिला स्वतःच्या कामाची शिसारी आली होती.

अजय मूळचा कोकणातल्याच तळेऱ्याचा. त्याच्या दोन लघुपटांना बक्षिसं मिळाली होती. पहिल्यात पाय मोडलेला बैल चौदा मिनिटं मरत होता. दुसऱ्यात त्याचे स्वतःचे आजोबा आचके देत होते आणि नातू शेजारी उभा राहून फ्रेम सांभाळत होता. परीक्षकांनी त्याला ‘धाडसी संयम’ म्हटलं. शहाण्यासुरत्या माणसांना कधीकधी कुजकंच गोड लागतं.

आता मिठबाव गावात त्याचा पहिला मोठा चित्रपट चालला होता. नट नकोत, नटांचा त्याला तिटकारा. गावातली खरी माणसं हवीत. कॅमेरा तीस हात लांब. चेहरा जवळून दाखवायचा नाही, आधी त्या माणसाशी बोलायचं नाही, माइकसुद्धा फांदीत दडवायचा. “हात लावला की माणूस नट होतो,” असं तो मुलाखतींतून सांगायचा. निरोपांची ने-आण करायला गावातला भाई होता. तुळसाबाईंना पटवून आणलं तेही त्यानेच.

“भाई, त्यांना विचार, पडल्यावर आवाज कसा आला?”

भाई थबकला. “ह्यां इचारू?”

“विचार. आणि सांगताना वर फांदीकडे बघा म्हणावं.”

भाईने जाऊन विचारलं. बाईंनी मान वर केली.

“धप्प करून आवाज इलो. माका वाटला, नारळच पडलो. म्हणान मी वळानसुद्धा बघूक नाय.”

मग पदराचा बोळा तोंडात कोंबून त्या अशा रडल्या की नम्रताने हेडफोन काढून टाकले.

“पुरे कर अजय,” ती म्हणाली. “म्हातारं माणूस आहे. काही झालं म्हणजे?”

“हळू. आधीचे टेक जरा आखडले होते. आत्ता कुठे ती मोकळी होतेय.”

त्याने कॅमेऱ्यावरचा डोळा काढला नाही. ओठांवर हसू होतं, पंगतीत आवडीचं पान वाढून आल्यासारखं.

सातव्या टेकला तो खूश झाला. “असं खरं रडणं मी जन्मात पाहिलं नाही! नटाला सात जन्मांत जमायचं नाही.” भाई बाईंना घेऊन घराकडे गेला. अजय तिथेच चहात बिस्किट बुडवत ते रडणं पुन्हा पुन्हा बघत बसला. मध्येच म्हणाला, “आवाज वाढव गं जरा.”

नम्रताने यंत्र त्याच्यासमोर ठेवलं. “तूच वाढव. मी चालले. मला किळस येते तुझी.”

“भावनेच्या भरात बोलू नकोस,” तो म्हणाला. मान काही वळवली नाही.

तिला निघण्याआधी एकच गोष्ट करायची होती. ती तडक तुळसाबाईंच्या घरी गेली. दारात भाई आडवा आला. “आता नको गो. दमली आसा ती.” तिने ऐकलं नाही. त्या बाईला तसंच टाकून गेलो तर आपल्यात आणि अजयमध्ये फरक काय राहिला?

मागच्या पडवीत तेच विटकं लुगडं पाठमोरं बसलं होतं. नम्रता पुढे जाऊन खाली वाकली आणि तिने पाय धरले.

“तुळसाबाई, माफ करा आम्हाला.”

पाय झटकन मागे गेले. अंबाड्यासकट डोक्यावरचे केस उतरले आणि मांडीवर आले.

“माझे पाय कित्याक धरतंस, चेडवा?” आवाज चांगला भरदार, पुरुषी होता. “मी तिचो भाव, भिकाजी. दशावतारात बायलेचां काम करतंय. तुळसा थंय चुलीकडे बसली आसा. ती माका म्हणाली, ‘माझां रडणां माझ्या घरात रवांदे. तेंका तुझां दी.’”